भदंत ह्युएन त्संग आणि जाणिवेचा प्रश्न

शाळेच्या इतिहासाच्या पुस्तकात आपण सर्वांनी एक चित्र पाहिलेले असते. पाठीवर पोथ्यांचे उंच ओझे, डोक्यावर छत्रीसारखा आडोसा आणि वाट तुडवीत निघालेला एक चिनी भिक्खू. चित्राखाली नाव असते ह्युएन त्संग. काही पुस्तकांत युआन श्वांग असेही छापतात, पण माणूस एकच. हर्षवर्धनाच्या काळी भारतात आला, नालंदा विद्यापीठात राहिला, प्रवासवर्णन लिहिले, एवढे तीन मुद्दे आपण पाठ केले, दोन मार्क मिळवले आणि पुढच्या धड्याकडे वळलो. हा माणूस इतक्या लांब कशासाठी आला होता, ते त्या धड्यात नव्हते. तो देश बघायला आला नव्हता. तो एक प्रश्न घेऊन आला होता. आपल्याला दिसते ते जग आणि ते पाहणारी आपली जाणीव, ज्याला धम्मग्रंथांत विज्ञान किंवा विञ्ञाण म्हटले आहे, यांचे एकमेकांशी नाते काय, हा तो प्रश्न.

आमच्या रविवारच्या धम्मवर्गात एकदा विज्ञानवादाचा विषय निघाला होता. बाह्य वस्तू जाणिवेपासून वेगळी नाही, असे त्या मताचे आचार्य सांगतात, एवढे वाचून झाले आणि मागे बसलेल्या एका आजोबांनी हात वर केला. वस्तीत चार-चार दिवस नळाला पाणी येत नाही, बाया रात्री हंडे घेऊन उभ्या असतात, तेही मनाचेच का, असे त्यांनी विचारले. वर्गात हशा पिकला. पण खरं सांगायचं तर आमच्यापैकी कोणालाच नीट उत्तर देता आले नाही. त्या निमित्ताने आम्ही भदंत ह्युएन त्संग यांचे चरित्र पुन्हा काढले. त्यांचा शिष्य हुइ-ली याने ते लिहायला घेतले आणि इ.स. ६८८ मध्ये येन-त्सुंग या भिक्खूने ते पूर्ण केले. त्यात भक्तीपोटी आलेले चमत्कार आहेत, ते बाजूला ठेवले तरी माणूस लख्ख दिसतो.

त्यांचा जन्म इ.स. ६०२ च्या सुमारास, लोयांग शहराजवळ, आजच्या हेनान प्रांतात झाला. आडनाव चेन. घराणे शिकलेले, वडील सरकारी नोकरी सोडून ग्रंथवाचनात रमलेले. चार भावांत हे धाकटे. दुसऱ्या क्रमांकाचा भाऊ लोयांगच्या विहारात भिक्खू झाला होता, त्याच्याबरोबर हा मुलगाही तिथे राहून सूत्रे पाठ करू लागला. तेराव्या वर्षी राजाज्ञेने काही मोजक्या उमेदवारांना श्रामणेर करून घ्यायचे ठरले. याचे वय कमी म्हणून यादीत नाव नाही. मुलगा कचेरीच्या दाराशी उभा राहिला तो हलेचना. अधिकाऱ्याने त्याला पाहिले, दोन प्रश्न विचारले आणि नियम वाकवून आत घेतले. पुढे स्वी घराण्याची सत्ता कोसळली, लुटालूट आणि दुष्काळ सुरू झाला. दोघे भाऊ ६१८ मध्ये चांगआनला आणि तिथे लढाईच्या गडबडीत प्रवचने बंद पडलेली पाहून पुढे सिचुआनमधील चेंगदूला गेले. ६२२ मध्ये तिथेच त्यांची उपसंपदा झाली.

आता प्रश्नाकडे येऊ. त्या काळी चीनमध्ये मनाच्या स्वरूपावरून आचार्यांत मोठा वाद माजला होता. पेशावरचे दोन बंधू, आचार्य असंग आणि आचार्य वसुबंधू, यांनी चौथ्या-पाचव्या शतकात विज्ञानवादाची मांडणी केली होती. आपल्याला सहा विज्ञाने ठाऊक असतात: डोळा, कान, नाक, जीभ, शरीर आणि मन यांची. यांच्या खाली सातवे, सारखे मी-मी करणारे मन, आणि त्याच्याही खाली आठवे आलयविज्ञान. आलय म्हणजे साठवण. शेतकऱ्याच्या घरात कणगी असते तसे समजा. आपण जे करतो, बोलतो, चिंतितो त्याचे बी त्या कणगीत पडते आणि वेळ आली की उगवते. मात्र हा आत्मा नव्हे बरं का. कणगीची उपमा इथे थोडी फसवी आहे, म्हणून आचार्यांनी तिला नदीच्या ओघाची जोड दिली. क्षणाक्षणाला बदलणारा प्रवाह, ज्यात कायम असे काहीच नाही.

हे ग्रंथ चीनमध्ये तुकड्यातुकड्यांनी आले. उज्जैनच्या परमार्थ भिक्खूने ५६३ मध्ये असंगांचा महायानसंग्रह भाषांतरित केला. त्याआधी दुसऱ्या मंडळींनी वसुबंधूंचे दशभूमिकसूत्रावरचे भाष्य नेले होते. एक पंथ म्हणे, हे आलयविज्ञान मुळात शुद्ध आहे. दुसरा म्हणे, ते मळलेलेच असते आणि त्याच्या पलीकडे नववे निर्मळ विज्ञान आहे. तरुण ह्युएन त्संग एकेका आचार्याकडे जाऊन ऐकत होते आणि प्रत्येक ठिकाणी वेगळेच उत्तर मिळत होते. मूळ ग्रंथ योगाचारभूमी. त्याचा थोडाच भाग चिनीत होता. अशा वेळी बहुतेक माणसे एखादा पंथ पकडून बसतात आणि जन्मभर दुसऱ्याला शिव्या घालतात. यांनी ठरवले की मूळ पोथी जिथे शिकवतात तिथेच जायचे. आम्हाला हा मुद्दा फार महत्त्वाचा वाटतो. जगात जाणिवेपलीकडे काही नाही असे शिकवणाऱ्या मताचा हा विद्यार्थी. पण मनात येईल ते उत्तर त्याने खरे मानले नाही. खरे काय ते तपासायला तो हजारो मैल चालत निघाला.

बादशहा ताइत्सुंग नुकताच गादीवर आलेला, सरहद्द बंद. परवानगीचा अर्ज मंजूर झाला नाही. ६२९ च्या सुमारास ते गुपचूप निघाले. सरहद्दीवर पाच टेहळणी बुरूज, त्यांच्या पलीकडे आठशे ली लांबीचे वाळवंट. वाटाड्याने मध्येच सोडले. जवळ उरला एक म्हातारा, हडकुळा, तांबडा घोडा. पण तो त्या वाटेने कितीतरी खेपा करून आलेला होता.

या वाळवंटात दोन गोष्टी घडल्या, त्या इथे जरा सावकाश सांगितल्या पाहिजेत. पहिली गोष्ट पहिल्या बुरुजाच्या अलीकडची. हाडांचे ढीग आणि घोड्याची लीद यांच्या खुणेने एकटे जात असता त्यांना समोर शेकडो स्वारांचे सैन्य दिसले. घोडे, उंट, झळकणारे भाले, निशाणे. क्षणात रूप बदले, क्षणात दुसरीकडे दिसे. लांबून अगदी स्पष्ट आणि जवळ जावे तसतसे विरत जाणारे. आधी त्यांना दरोडेखोर वाटले, मग भुतेखेते वाटली. आपण मृगजळ म्हणू. ते सैन्य कुठेच नव्हते, आणि तरी त्याची भीती खरीच होती. छाती धडधडली ती काही खोटी नव्हती.

दुसरी गोष्ट चौथ्या बुरुजाच्या पुढची. तिथल्या अधिकाऱ्याने दया येऊन पाण्याची मोठी पखाल दिली आणि एका झऱ्याची वाट सांगितली. शंभर ली गेले तरी झरा सापडेना. पाणी प्यायला पखाल उतरवली, ती जड होती, हातातून सुटली आणि सगळे पाणी वाळूत गेले. एका क्षणात हजार लींची बेगमी संपली. ते परत फिरले. दहा एक ली मागे आल्यावर त्यांना आपला निश्चय आठवला की भारतात पोहोचल्याशिवाय पूर्वेकडे एक पाऊलही टाकायचे नाही. पुन्हा वळून पश्चिमेकडे निघाले. चार रात्री आणि पाच दिवस थेंबभर पाणी नाही. शेवटी वाळूत आडवे झाले. पाचव्या रात्री गार वारा सुटला, थोडी झोप लागली आणि स्वप्नात एका धिप्पाड पुरुषाने हातातले शस्त्र रोखून उठायला फर्मावले. उठून चालू लागले, तो घोडा एकाएकी वाट सोडून भलतीकडे वळला. लगाम ओढला तरी ऐकेना. थोड्याच अंतरावर हिरवे गवत होते आणि स्वच्छ पाण्याचे डबके. चरित्रकार याला बोधिसत्वाची कृपा म्हणतो. आम्हाला वाटते, त्या म्हाताऱ्या घोड्याला पाण्याचा वास आला असावा.

आता बघा, सैन्य होते पण नव्हते. पाणी नव्हते ते खरोखरच नव्हते. ते डबकेही भदंतांनी कल्पनेने निर्माण केले नाही, ते त्यांना ठाऊकही नव्हते. घोडा घेऊन गेला. ज्या माणसाने पुढे विज्ञप्तिमात्रतेचा सिद्धांत चीनमध्ये रुजवला, त्याने हा फरक पुस्तकात वाचायच्या आधी जिवावर बेतून घेतला होता. त्याचा सिद्धांत समजून घेताना हे वाळवंट विसरून चालत नाही.

पुढचा प्रवास थोडक्यात सांगतो. तुर्फानच्या राजाने त्यांना राजगुरू म्हणून कायमचे ठेवून घ्यायचा हट्ट धरला, तेव्हा त्यांनी तीन दिवस अन्नपाणी वर्ज्य केले. राजा नमला, वीस वर्षे पुरेल एवढे द्रव्य, तीस घोडे आणि वाटेतल्या राजांना चोवीस पत्रे दिली. परतताना तीन वर्षे राहीन असे वचन मात्र घेतले. कुचा येथे एका वृद्ध आचार्याने योगाचारभूमी हे मिथ्यादृष्टीचे पुस्तक आहे, खरे बुद्धशिष्य ते शिकत नाहीत असे सुनावले, तेव्हा यांनी त्यालाच त्याच्या ग्रंथातल्या चुका दाखवल्या. तिएनशानच्या बर्फात सोबतचे दहांतले तीन-चार लोक गेले. समरकंद, बल्ख, मग बामियान; तिथल्या डोंगरात कोरलेल्या दोन भव्य बुद्धमूर्तींचे वर्णन त्यांनी केले, त्या २००१ साली सुरुंग लावून फोडल्या गेल्या हे आपण सर्व जाणतोच. पेशावरला असंग-वसुबंधूंचे गाव पाहिले तर जुने संघाराम ओस पडलेले. काश्मीरमध्ये दोन वर्षे वसुबंधूंच्या अभिधर्मकोशाचा आणि हेतुविद्येचा अभ्यास केला. अयोध्येहून गंगेने जाताना चाच्यांनी पकडले. त्यांना देवीला बळी द्यायला धडधाकट देखणा पुरुष हवा होता. भदंतांनी थोडा वेळ मागून घेतला आणि डोळे मिटून मैत्रेय बोधिसत्वाच्या ध्यानात असे बुडाले की आजूबाजूच्या रडारडीचा त्यांना पत्ताच नाही. इतक्यात वादळ उठले, चाचे घाबरले आणि पाया पडले. कोणीतरी हात लावला तेव्हा यांनी डोळे उघडले आणि वेळ झाली का असे विचारले.

६३७ च्या सुमारास नालंदा गाठले. तिथले कुलगुरू भदंत शीलभद्र, मूळचे बंगालमधील समतट राजघराण्यातले. चरित्र त्यांचे वय १०६ सांगते. ते किती अक्षरशः घ्यायचे ते ज्याचे त्याने ठरवावे, पण फार वृद्ध होते हे नक्की. सांध्यांच्या असह्य दुखण्याने ते त्रस्त होते, आणि तरी या परदेशी शिष्यासाठी त्यांनी योगाचारभूमीचा पाठ लावला. तो पंधरा महिने चालला. भदंतांनी तो ग्रंथ तीनदा ऐकला. शिवाय न्याय, व्याकरण, ब्राह्मणी दर्शने. ज्या पोथीसाठी पखाल सांडली, ती पोथी सगळ्यात अधिकारी गुरूच्या तोंडून पानापानाने ऐकायला मिळाली.

मग उत्तर काय मिळाले? आम्हाला जेवढे उमगले तेवढे साध्या शब्दांत मांडतो, जाणकारांनी दुरुस्ती करावी. अंधारात दोरी पडली आहे आणि आपण साप म्हणून ओरडलो. साप ही कल्पना, तिला आचार्य परिकल्पित म्हणतात. ती मुळीच नाही. दोरी मात्र कारणांनी घडलेली आहे, ती परतंत्र. ती नाही असे म्हणता येत नाही. आणि दोरीवर साप नव्हताच हे कळणे म्हणजे परिनिष्पन्न. आपण ज्याला वस्तू म्हणून धरून बसतो, ही माझी, ही परकी, ही कायमची, तो साप. त्याखाली कारणकार्याचा प्रवाह चालू आहे, तो खराच आहे. तो प्रवाह आपल्यापर्यंत येतो तो जाणिवेच्या रूपातच. जाणिवेबाहेर उभे राहून वस्तू कशी आहे ते आजवर कोणी पाहिलेले नाही.

भदंतांचा मुख्य ग्रंथ विज्ञप्तिमात्रतासिद्धी. त्यात तीन गोष्टी अशा आहेत की ज्या आमच्या आजोबांच्या प्रश्नाला भिडतात. एक, जाणीव म्हणजे माझी एकट्याची जाणीव नव्हे. दुसऱ्यांची मने आहेत, अनंत आहेत; नसती तर कोण कोणाला धम्म शिकवणार? दोन, आलंबन दोन प्रकारचे. मनात उमटते ते जवळचे आलंबन, आणि ज्याच्यामुळे ते उमटते ते दूरचे. दुसऱ्याचे दुःख माझ्या मनात जसे उमटते तसे मला दिसते, परंतु ते दुःख माझ्या मनाच्या बाहेर, त्याच्या प्रवाहात, आपल्या जागी आहेच. आपण सर्व राहतो ते सामाईक जग, नद्या-डोंगर-जमीन, हे सगळ्यांच्या आलयातल्या समान बीजांतून उभे राहते. एकट्याच्या इच्छेने ते हलत नाही. आणि तिसरी गोष्ट, जी वाचून आम्ही थबकलो. जाणीव हेच अंतिम सत्य म्हणून कोणी धरून बसला, तर तीही बाह्य वस्तूला धरून बसण्यासारखीच आसक्ती आहे, असे त्या ग्रंथात स्वच्छ सांगितले आहे. म्हणजे नळाला पाणी नाही हे मनाचे खेळ आहेत असे बायांना सांगणारा या मताचा अनुयायी ठरत नाही. हंड्याच्या रांगेतली बाई त्याच्या जाणिवेचे दूरचे आलंबन आहे, तिला पुसून टाकायचा अधिकार त्याला विज्ञानवादाने दिलेला नाही. बाबासाहेबांनी मनाला धम्मात केंद्रस्थान दिले आणि माणसावर लादलेले दुःखही खरे मानले, हे आपल्याला ठाऊक आहेच. दोन्ही एकत्र कसे बसते हा प्रश्न आम्हाला पडे. तो थोडासा इथे सुटला.

नालंद्याहून ते दक्षिणेला फिरले. ओरिसा, आंध्र, कांची, कोकण करत आपल्या महाराष्ट्रात आले. दुसऱ्या पुलकेशीचे राज्य होते आणि हर्षालाही त्याने दाद दिली नव्हती. इथले लोक साधे, ताठ, उपकार न विसरणारे आणि अपमानाचा सूड घेणारे, पण सूड घेण्याआधी शत्रूला आगाऊ कळवणारे, असे त्यांनी नोंदवले आहे. शंभरावर संघाराम आणि सुमारे पाच हजार भिक्खू. राज्याच्या पूर्व सीमेवरील डोंगरात, अंधाऱ्या दरीत कोरलेल्या संघारामाचे वर्णन आहे: अचल अर्हताने बांधलेला, भिंतींवर बुद्धचरित्रातले प्रसंग, दाराशी दगडी हत्ती. हे अजिंठ्याचे वर्णन आहे असे अभ्यासक मानतात. सव्विसाव्या लेण्यातल्या शिलालेखात स्थविर अचलांचे नाव आहे, आणि सोळाव्या लेण्याच्या वाटेवर हत्ती आजही उभे आहेत. आपण सहलीला जातो तेव्हा तिथे फोटो काढतो. पण सि-यु-की या प्रवासवर्णनात त्याच ठिकाणी आणखी एक नोंद आहे, ती फार थोड्यांना माहीत असते. आचार्य दिङ्नाग या संघारामात पुष्कळदा मुक्कामाला असत.

हे दिङ्नाग म्हणजे बौद्ध न्यायशास्त्राचे जनक. आलंबनपरीक्षा नावाच्या लहानशा ग्रंथात त्यांनी विचारले आहे की आपल्याला वस्तू दिसते म्हणजे नेमके काय दिसते. परमाणू दिसतात म्हणावे, तर परमाणूचे रूप कोणाच्याच डोळ्यात उमटत नाही. परमाणूंचा ढीग दिसतो म्हणावे, तर ढीग ही वेगळी अशी वस्तूच नाही. डोळ्याच्या दोषाने दोन चंद्र दिसतात तशी ती केवळ भासते. तेव्हा जे उमटते ते जाणिवेतलेच रूप. हा ग्रंथ भदंतांनी पुढे चिनीत नेला. अजिंठ्याच्या चित्रांसमोर तासभर उभे राहिलेल्या कोणालाही हा प्रश्न पडायला हरकत नाही: भिंतीवर रंगाचे कण आहेत, मग पद्मपाणीच्या चेहऱ्यावरची करुणा कुठे आहे?

नालंद्याला परतल्यावर वादविवादांचा काळ आला. सिंहरश्मी नावाचे आचार्य माध्यमिक मताने योगाचाराचे खंडन करीत. भदंतांनी दोन्ही मते परस्परविरोधी नाहीत असे दाखवणारा तीन हजार श्लोकांचा ग्रंथ संस्कृतात लिहिला. दक्षिणेकडील प्रज्ञागुप्त या संमितीय पंथाच्या आचार्याने महायानाविरुद्ध सातशे श्लोक रचले होते, त्यांनाही उत्तर द्यायचे होते. त्याच सुमारास एका लोकायतिक ब्राह्मणाने चाळीस मुद्दे लिहून विहाराच्या दारावर लावले आणि हरलो तर माझे शीर घ्या असे जाहीर केले. तो हरला. भदंतांनी शीर घेतले नाही, त्याला सेवक म्हणून ठेवले. पुढे त्या सातशे श्लोकांतल्या काही जागा अडल्या, तेव्हा त्यांनी त्यालाच विचारले. त्याने तो ग्रंथ पाच वेळा ऐकलेला होता. पण दासाकडून गुरू शिकतो असे लोक म्हणतील, म्हणून रात्र होऊ द्या, असे तोच म्हणाला. रात्री त्याने समजावून दिले आणि यांनी ऐकले. मग त्याला मोकळे केले. सगळ्या चरित्रातला आमचा आवडता प्रसंग हाच.

कनौजची सभा ६४३ च्या सुमाराची. हर्षवर्धन, कामरूपचा भास्करवर्मा आणि हजारो विद्वान. भदंतांचे प्रतिपादन दाराशी टांगले आणि अठरा दिवसांत कोणी त्यात दोष काढला नाही. चरित्रात हा मोठा विजय म्हणून रंगवला आहे. आम्हाला जरा शंका येते, कारण राजाने विरोधकांना धमकावल्याचीही नोंद त्यातच आहे. तिथे मांडलेले म्हणून शिष्य क्वेइ-जीने जे अनुमान नोंदवले, ते असे की दोन्ही पक्षांना मान्य असलेला रंग डोळ्याच्या विज्ञानापासून वेगळा नसतो. पुढे कोरियाच्या वोन्ह्यो या भिक्खूने त्याच साच्यात उलटे अनुमान बसवून दाखवले. म्हणजे सभेत जे झाले नाही ते कागदावर झाले.

परतीच्या वाटेवर सिंधू नदी ओलांडताना नाव हेलकावली आणि पन्नासेक पोथ्या पाण्यात गेल्या. ते तिथे दोन महिन्यांच्या आसपास थांबले, माणसे पाठवून काही पुन्हा उतरवून घेतल्या. तुर्फानच्या राजाला दिलेले वचन पाळायची वेळ आलीच नाही. ६४० मध्ये चिनी सैन्य चालून आले तेव्हा तो मरण पावला होता. ६४५ च्या आरंभी वीस घोड्यांवर ६५७ ग्रंथ लादून ते चांगआनला पोहोचले. बादशहाने चीवर उतरवून मंत्री व्हा म्हटले. त्यांनी नकार देऊन भाषांतरासाठी जागा मागितली. मात्र बादशहाला पश्चिमेकडच्या देशांची माहिती हवी होती, म्हणून ६४६ मध्ये सि-यु-की लिहून दिले. १३८ देशांचे अंतर, दिशा, पीकपाणी, हवामान, चालीरीती, विहार किती, भिक्खू किती. ऐकीव देश कोणते हेही त्यात वेगळे काढले आहे.

पुढची एकोणीस वर्षे भाषांतर. सकाळी त्या दिवसाचा मजकूर लाल खुणेने नेमून ठेवायचा, दिवसा काही कामाने राहिला तर मध्यरात्रीपर्यंत बसून पुरा करायचा, पहाटे पुन्हा उठायचे. योगाचारभूमीचे शंभर खंड ६४८ ला झाले. ६५९ ला वसुबंधूंच्या त्रिंशिकेवरील दहा भाष्यकारांची मते एकत्र करून विज्ञप्तिमात्रतासिद्धी. एकूण पंचाहत्तरच्या आसपास ग्रंथ, १३३५ खंड. महाप्रज्ञापारमितेत पुनरुक्ती फार, म्हणून शिष्यांनी संक्षेप सुचवला. ते कबूल झाले, पण रात्री भयंकर स्वप्ने पडली आणि एक शब्दही न गाळता सहाशे खंड पूर्ण केले.

इथे एक कडू गोष्टही सांगितली पाहिजे, स्मरणिकेचा लेख म्हणून ती झाकायची नाही. शीलभद्रांच्या परंपरेत माणसांची पाच गोत्रे मानली होती, आणि त्यातल्या एका गोत्राला बुद्धत्व कधीच मिळू शकत नाही असे मत होते. गोत्र हा शब्द ऐकताच आपल्या कानात काय वाजते ते वेगळे सांगायला नको. इथे तो जन्मजातीच्या अर्थाने नाही हे खरे, तरी अनादी काळापासून अपात्र अशी माणसे आहेत हे म्हणणे आम्हाला मान्य होण्यासारखे नाही. चीनमध्येही ते फारसे कोणाला रुचले नाही, आणि त्यांचा पंथ दोन-तीन पिढ्यांत मागे पडला त्याचे हेही एक कारण. पुढच्या काळातील एका भाष्यात अशी हकिगत आहे की मायदेशी निघताना भदंतांनी हे मत गाळून न्यायची इच्छा दाखवली होती, तेव्हा शीलभद्रांनी त्यांना म्लेच्छ म्हणून फटकारले. ज्ञानाच्या त्या महान पीठातही तो शब्द निघाला! भदंतांनी मग ते मत आहे तसे नेले. आपल्या मनासारखे नसलेले वाक्यही गाळायचे नाही, हा त्यांचा स्वभाव. इथे त्या स्वभावाचा आम्हाला अभिमान वाटतो आणि रागही येतो.

६५४ च्या सुमारास बुद्धगयेच्या भिक्खूंना त्यांनी पाठवलेली पत्रे चिनीत टिकून आहेत. शीलभद्र गेल्याची बातमी त्यांना मिळाली होती. त्या दुःखाविषयी लिहून झाल्यावर, इतकी वर्षे लोटल्यावरही, ते सिंधूत बुडालेल्या पोथ्यांची यादी जोडतात आणि जमले तर कोणाबरोबर तरी पाठवा अशी विनंती करतात.

६६४ च्या प्रारंभी रत्नकूट भाषांतरायला घेतले, थोड्या ओळी झाल्या आणि शक्ती संपली म्हणून पोथी मिटली. खोलीमागचा पाट ओलांडताना पाय घसरला, नडगीला खरचटले, आणि त्या निमित्ताने जे अंथरूण धरले त्यातून उठले नाहीत. दुसऱ्या चांद्रमासाच्या पाच तारखेला त्यांनी देह ठेवला.

पॅरिसच्या ज्युलियन या पंडिताने १८५७-५८ मध्ये सि-यु-कीचे फ्रेंच भाषांतर छापले. ते हाताशी धरून अलेक्झांडर कनिंगहॅम १८६१-६२ च्या हिवाळ्यात बिहारमधील बडगाव येथे पोहोचले. गावाभोवती नुसत्या मातीच्या टेकड्या आणि तळी होती, नालंदा हे नाव लोक विसरून गेले होते. भदंतांनी दिलेले अंतर आणि दिशा त्यांनी ताडून पाहिली, ती जुळली. १९१५ पासून तिथे खोदकाम झाले आणि टेकड्यांखालून विटांच्या भिंती निघाल्या, भिक्खूंच्या खोल्या निघाल्या, विहिरी निघाल्या.